घाटाआधी तीन जीव

घाटात गाडी घालायच्या आधी आमचे दादा एकदा मरून बघायचे. खेळात हो. खरंखुरं मरण घाटात वळणावळणाला बसलेलंच असतं, ते वेगळं.

सकाळची महाड-महाबळेश्वर गाडी पोलादपूरच्या स्टँडवर पंधरा मिनिटं थांबते. तेवढ्यात बाकीचे ड्रायव्हर चहा घेतात, तंबाखू मळतात, कंट्रोलरशी वाद घालतात. दादा कॅन्टीनमागच्या बाकावर भिंतीला पाठ लावून बसायचे, गळ्यातला मफलर सारखा करायचे (तो मे महिन्यातही असायचाच) आणि स्टीलच्या डब्यातून ते यंत्र बाहेर काढायचे. दोन्ही हातांत धरून खेळायचं गेमचं यंत्र. मधे पडदा, दोन बाजूंना बटणं. ज्या कंपनीनं ते काढलं तिनं ते बनवणं कधीच बंद केलेलं. दादांच्या मुंबईच्या पुतण्यानं हौसेनं घेतलं होतं, मग हातात मोबाइल आला आणि एका गणपतीत तो ते कापडे गावातल्या दादांच्या घरात माळ्यावर टाकून गेला. पूर्वी टीव्हीला डबा जोडून खेळायचे ना, ते जुने व्हिडिओ गेम त्यात भरलेले होते, ढीगभर. दादा त्यातला एकच खेळायचे.

त्यात एक मोळीवाला आहे. पाठीवर लाकडाची मोळी घेऊन जंगलातून पळत सुटलेला. वाटेत खड्डे, गडगडत येणारे ओंडके, झाडावरून सुटणारी वटवाघळं. बरंच पुढं गेल्यावर एक झुलता पूल लागतो. मोळीवाल्याला जीव तीन. दादांचा नियम असा, की तीन जिवांत पुलापर्यंत पोचलं तर गाडी घाटात जाणार. तिन्ही जीव पुलाआधीच संपले, तर दादा डबा बंद करून कंट्रोलरकडं जायचे आणि म्हणायचे, आज नाडी बरी नाय, मी घाटात जात नाय. मग महाडकडं जाणाऱ्या गाडीचा ड्रायव्हर आमच्या गाडीवर यायचा आणि दादा त्याची गाडी घेऊन सपाटीला जायचे. कंट्रोलर बिचारा रजिस्टरात पोटदुखी लिहायचा, कारण मोळीवाला मेला असं लिहायला रकाना नव्हता.

मी त्या गाडीची कंडक्टर. माहेर नाते गावचं, सासर महाडात, नवरा एमआयडीसीत पाळीवर. तोंडानं मी फटकळ आहे, ते सगळ्या डेपोला माहीत आहे. नवी नवी त्या गाडीवर लागले तेव्हा हा प्रकार बघून मला वाटलं, काय माझं नशीब, पोराबाळांची आई मी, आणि मला दिली वेड्याच्या गाडीवर. तिसऱ्या दिवशी मी तोंडावर बोललेच. म्हटलं, दादा, रोज गाडी चालवता ती चालवता, त्याला ह्या पोरखेळाचा कौल कशाला? दादांनी पडद्यावरून मान वर केली नाही. मोळीवाल्याला खड्ड्यावरून उडवत उडवत म्हणाले, "घाटात जायच्या आधी इंजिनाचं तेल बघतो का नाय? माझं तेल कोण बघणार?"

मग मी गप्प बसले. माझं गप्प बसणं दुर्मीळ आहे, म्हणून तो दिवस लक्षात राहिला.

त्या यंत्राचे लाड काय वर्णावेत. पावसाळ्यात ते डब्यात तांदळात पुरून ठेवायचे, दमट हवा लागू नये म्हणून. तांदूळ स्वतःच्या शेतातला. खेळायला काढलं की बटणांच्या फटीतून दोन-चार दाणे मांडीवर पडायचे, ते वेचून परत डब्यात. बाजारात सुटे भाग मिळत नाहीत, म्हणून बटण दाबायचं तेही असं की झोपलेल्या पोराच्या गालाला हात लावावा. गाडी चालू असताना डबा कधी उघडला नाही, स्टिअरिंगवर बसले की तो सीटखाली, वर पाण्याची बाटली. आणि त्या खेळात मधेच थांबायची सोय होती, जिथं पोचलो तिथली खूण ठेवून दुसऱ्या दिवशी तिथनंच सुरू करायची पण होती. दादांनी दोन्ही कधी वापरली नाहीत. रोज पहिल्या झाडापासून. कुणी मधेच येऊन, गाडी कधी सुटणार, विचारलं तर उत्तर द्यायचे आणि तेवढ्यात मोळीवाला खड्ड्यात गेला तर जाऊ द्यायचे. घाटात पण लोक मधेच विचारतातच की, म्हणायचे.

हिशेबाला असा चोख माणूस मी पाहिला नाही. आमची गाडी रोज कापड्यात त्यांच्या घरासमोरून जायची. वहिनी, म्हणजे त्यांची बायको, अंगणात उभ्या असायच्या. तिथं थांबा नाही, म्हणून दादा कधी थांबले नाहीत, हॉर्नसुद्धा नाही. एकदा वहिनी रस्त्याच्या कडेला विसरलेला डबा हातात धरून उभ्या होत्या. भाकरीचा डबा, गेमचा नव्हे. गाडी पुढं थांब्यावर जाऊन थांबली आणि वहिनी डबा घेऊन तेवढं अंतर पळत आल्या. मी दादांना नाही नाही ते बोलले. दादा म्हणाले, तुझ्या घरासमोर थांबलो नाय तर माझ्या का थांबू?

वरच्या बाजारात अंडी विकायला जाणारी एक आजी आमची रोजची प्रवासी. टोपली कडेवर घेऊन ती गाडीच्या दाराशी उभी राहायची, पण आत चढायची नाही. आधी मला विचारायची, "पोचला का गो पुलावर?" मी पोचला म्हटलं की मगच पाय उचलायची. हळूहळू बाकीचे लोकही विचारायला लागले. कुणी तालुक्याला बदलून आलेला क्लार्क, कुणी घाटातल्या शाळेच्या बाई. हसत विचारायचे, पण विचारायचे. ज्या दिवशी तो पोचायचा त्या दिवशी गाडीत लोक पाय पसरून झोपायचे. हा विश्वास काय असतो ते मला तेव्हा कळत नव्हतं. मी त्याची गंमत बघायची.

आता रिव्हर्सचं सांगते, कारण पुढचं सगळं त्यावर आहे.

घाटात दोन मोठ्या गाड्या अरुंद जागी समोरासमोर आल्या की एकीला मागं जावं लागतं. ड्रायव्हरला मागचं चाक दिसत नाही, दरीचा काठ तर नाहीच. कंडक्टर उतरतो, मागं दरीच्या अंगाला उभा राहतो आणि पत्र्यावर थापा मारत ओरडतो, येऊ दे, येऊ दे, बास. त्या बासवर चाळीस माणसं असतात.

दादांच्या गाडीवर लागून मला महिना झाला नव्हता. धुकं असं की स्वतःचा हात दिसेना, आणि वरून टँकर आला. आम्हालाच मागं जावं लागणार होतं. मी उतरायला निघाले तसा एक प्रवासी उठला. म्हणाला, बाईमाणसाला कसलं कळतंय, मी बघतो मागं. ह्याआधी दोन ड्रायव्हरांनी माझ्या देखत तसंच केलेलं, गाडीतल्या कुठल्याही बाप्याला मागं पाठवायचे आणि मी आत तिकिटांची पेटी धरून बसायची. दादांनी त्या माणसाला आरशातून पाहिलं आणि बसा म्हणाले. मग मला म्हणाले, "जा मास्तर. तू सांगशील तिथं थांबणार."

ड्रायव्हर लोक कंडक्टरला मास्तर म्हणतात, पण पुरुषाला. आम्हा बायकांना मॅडम. मला मास्तर म्हणणारे दादा पहिले आणि शेवटचे.

मी मागं जाऊन उभी राहिले. टाचेमागं दरी होती. चाक येत होतं, मी ओरडत होते, आणि गाडी माझ्या आवाजाबरोबर अशी हलत होती जशी दोरीनं बांधलेली. बास म्हटलं आणि गाडी थांबली. टँकर निघून गेल्यावर मी वाकून पाहिलं, काठ आणि चाक यांत एक वीत. मी आत आले. म्हटलं, दादा, उतरून बघितलं नाय तुम्ही? बाकीचे उतरतात. दादा गिअर टाकत म्हणाले, तू बघितलंस ना, मग मी कशाला बघू.

सात वर्षांत किती वेळा मागं गेलो असू, मोजदाद नाही. दादा एकदाही उतरले नाहीत.

त्यांच्या निवृत्तीला दोन वर्षं राहिली तेव्हा मोळीवाला वरचेवर मरायला लागला.

आधी महिन्यातनं एकदा. मग आठवड्यातनं. झाडावरून सुटणारं वटवाघूळ डावीकडनं यायचं आणि दादांना ते उशिरा कळायचं. मी आता त्यांच्या शेजारी बसून पडद्यात बघायला लागले होते, माझा चहा हातात गार व्हायचा. एका आठवड्यात तीनदा त्यांनी गाडी सोडली. कंट्रोलर चिडला. म्हणाला, दादा, तुमच्या खेळापायी माझी रोज बदलाबदली, वर तक्रार गेली तर घाट कायमचा जाईल तुमचा, टेबलावर बसाल. दादा म्हणाले, लिहा तक्रार, पण नाडी बरी नाय तर मी जाणार नाय.

त्या तीन दिवसांत माझ्या गाडीवर जो बदली ड्रायव्हर आला त्यानं एका हातानं मोबाइल कानाला लावून घाट चढवला. मी वरच्या स्टँडला उतरले तेव्हा पदरानं तोंड पुसत होते, घाम नव्हे, रडू. अंडीवाली आजी त्या दिवसांत चढलीच नाही.

आता माझी अक्कल ऐका. मी ठरवूनच टाकलं, की दादांना काही झालेलं नाही, यंत्र म्हातारं झालंय. बटणाचं रबर झिजलं असेल, पडदा मंदावला असेल. असं ठरवायला मला आवडत होतं, म्हणून ठरवलं. माणूस स्वतःला फसवतो तेव्हा केवढा हुशार असतो. त्याच सुमारास यंत्राची बॅटरी फुगली आणि दादांनी डबा माझ्या हातात दिला. महाडच्या बाजारात एक जुना रेडिओ दुरुस्त करणारा आहे, आता मोबाइल करतो, त्याच्याकडनं बदलून आण म्हणाले. डबा दुसऱ्याच्या हाती दिलेला मी तोवर पाहिला नव्हता.

रेडिओवाल्या काकांनी दुसऱ्या कशाची तरी बॅटरी कापूनजोडून बसवली. मग मी विचारलं, बटणं बघा, झिजलीत का. त्यांनी उघडून पाहिलं, म्हणाले, बटणं ठणठणीत आहेत, कुणीतरी जिवापाड जपलंय. खरं म्हणजे तिथंच मला कळायला हवं होतं. कळलंही असेल. पण मी विचारलं, हा खेळ थोडा हळू करता येतो का हो? काकांनी कुठलं तरी पान उघडलं. तिथं वेगाचा आकडा होता, शंभर. त्यांनी तो नव्वदवर आणला. म्हणाले, कुणाला कळणार पण नाही.

दुसऱ्या दिवशी मोळीवाला दोन जीव राखून पुलावर पोचला. दादा नुसते यंत्राकडं बघत राहिले. आजीनं विचारलं, पोचला का गो? मी म्हटलं, पोचला. आजी चढली.

आणि तिथून माझे हाल सुरू झाले. आधी निदान वाटायचं, तो मेला तर दादा जाणार नाहीत. आता तो मरणारच नव्हता. नाडी बघणाऱ्याचाच हात मी बांधून ठेवला होता. गाडी घाटाला लागली की मी तिकिटं संपवून दादांच्या मागच्या दांड्याला धरून उभी राहायची आणि रस्ता त्यांच्याआधी बघायची. डावीकडनं कोण आलं, म्हैस आली, मोटारसायकल आली, की उगाच मोठ्यानं बोलायची, अगो बाई, केवढी म्हैस. दादांना कळायचं का ते माहीत नाही. मी घरी गेल्यावर जेवायची नाही. नवरा म्हणाला, तुला झालंय काय? त्याला काय सांगू? रोज ठरवायची, उद्या सांगते. उद्या झाला की आजी टोपली घेऊन उभी असायची, दादा डबा उघडायचे, आणि मी आजीला म्हणायची, पोचला. करायला गेले गणपती आणि झाला मारुती, तो मारुती रोज चाळीस माणसं घेऊन घाट चढत होता.

अकराव्या दिवशी एका वळणावर डावीकडचा आरसा कड्याच्या दगडाला घासला. काच तडकली, बाकी काही नाही. गाडीत कुणी जागंसुद्धा झालं नाही. पण दादांचा आरसा सात वर्षांत कशाला लागला नव्हता. त्यांनी गाडी थांबवली, आरशाकडं पाहिलं, परत चालू केली.

दुसऱ्या दिवशी सकाळी, त्याच बाकावर, मोळीवाला पुलावर पोचला. मी हुश्श करून उठत होते. दादांनी यंत्र माझ्या कानापाशी धरलं. त्या खेळाला एक गाणं आहे, टुणुक टुणुक वाजणारं, सात वर्षं ऐकून मला झोपेतही येतं.

"मास्तर, गाणं हळू वाजतंय का गो?"

मी त्यांच्याकडं पाहिलंच नाही. म्हटलं, "नाय दादा. पहिल्यासारखंच हाय."

दादांनी पडदा विझवला. मग यंत्र तांदळात ठेवलं, झाकण लावलं. "बरं मॅडम," म्हणाले, आणि कंट्रोलरकडं गेले. तिथं लिहून दिलं, मी आजपासून घाटाला गाडी चालवणार नाही. कंट्रोलर म्हणाला, अहो पण तो पोचला ना पुलावर? दादांनी कागदाखाली सही केली. आजी दारात उभी होती. मला म्हणाली, आज काय झालं गो? मी म्हटलं, पोट दुखतंय त्यांचं.

पुढं डेपोत टेबलावर बसले. डॉक्टरांना दाखवलं तेव्हा डाव्या डोळ्यात मोतीबिंदू निघाला, ऑपरेशन झालं, दिसायला लागलं. साहेब म्हणाले, डॉक्टरांचा कागद आणा आणि घाट परत घ्या, तुमच्यासारखा माणूस नाही आमच्याकडं. दादा नको म्हणाले. उरलेलं दीड वर्ष त्यांनी टायरांची नोंद ठेवण्यात काढलं. येता-जाता मला दिसायचे. बऱ्या आहात का मॅडम, म्हणायचे.

मी मनाशी एक धरून बसले होते. मला वाटायचं, गाणं खरंच हळू वाजत होतं, दादांना ते बरोबर ऐकू आलं होतं, आणि मी नाही म्हटल्यामुळं त्यांना वाटलं की आपलं डोकंच मंद झालं. डोळ्याचं ऑपरेशन होतं, डोक्याचं कसं होणार? म्हणून ते परत आले नाहीत. एका चांगल्या माणसाला मी वेडं ठरवलं, तेही त्याच्या स्वतःच्या नजरेत. हे माझ्या छातीवर दगडासारखं होतं. डोळ्याचा निकाल चांगला लागला म्हणून अकरा दिवसांचा गुन्हा माफ होत नाही. त्या अकरा दिवसांत एक वटवाघूळ खरं असतं, तर?

गेल्या भातकापणीनंतर मी कापड्याला गेले. सुट्टीच्या दिवशी, साधी प्रवासी म्हणून, तिकीट काढून. वहिनींनी पाणी दिलं. दादा अंगणात पेंढा रचत होते, मफलर होताच. मला बघून हात धुतले, खुर्ची दिली. मी बसले नाही. उभ्या उभ्याच सगळं ओकले. रेडिओवाला, शंभराचे नव्वद, गाणं, सगळं. म्हटलं, दादा, तुमचं डोकं ठीक होतं हो. मीच खोटं बोलले.

दादा आत गेले आणि डबा घेऊन आले. तांदूळ झटकले, यंत्र चालू केलं, कुठलं तरी पान उघडून माझ्यासमोर धरलं. तिथं शंभर होतं.

"इथं नव्वद होतं," म्हणाले. "तुला विचारायच्या आधीच बघितलेलं मी."

मला काही कळेना. म्हटलं, मग विचारलंत कशाला?

"वाटलं, तू सांगशील. हसशील, आणि सांगशील."

वहिनी दारातनं आत गेल्या. मी तिथंच पायरीवर बसले. दादा यंत्राच्या बटणांवरून अंगठा फिरवत होते. आवाज चढला नाही त्यांचा, चढला असता तर बरं झालं असतं. अकरा दिवस खोट्या नाडीवर गाडी चालवली, म्हणाले, त्या आजीला घेऊन. ते मी समजून घेतलं असतं, माणूस मायेनं येडेपणा करतो. पण विचारल्यावर नाय म्हणालीस.

मी म्हटलं, "पण डोळा तर बरा झाला होता. परत का नाय आलात?"

"डोळा माझा बरा झाला गो. दरीकडचा डोळा तू होतीस."

दुसरा कंडक्टर घ्यायचा होता, म्हणाले मी, काहीतरी बोलायचं म्हणून. दादा म्हणाले, सात वर्षांनी तुझा भरवसा गेला, आता दुसऱ्याचा करायला वय कुठं राहिलं. आणि मग, जणू पावसापाण्याचं बोलावं तसं, विचारलं, तुझी गाडी किती वाजता? फाट्यावर सोडतो, पुतण्याची पिकअप पडून हाय इथं.

पिकअप घराच्या कडेला तोंड आत करून उभी होती. वळवायची तर आधी मागं घ्यायला हवी, आणि मागं बांध, बांधाखाली पुरुषभर खोल शेत. दादा आत बसले. मी दाराशी गेले तर म्हणाले, मागं बघ.

मी मागं गेले. बांधावर उभी राहिले, टाचेमागं रिकामं. पत्र्यावर थाप मारली. येऊ दे, म्हटलं. गाडी हलली. येऊ दे, येऊ दे. मी चाकाकडं अशी बघत होते की पापणी लवली नाही. बास.

गाडी थांबली. मी वाकून पाहिलं, एक वीत. चांगली, मोकळी वीत.

इंजिन चालूच होतं. पुढचं दार उघडल्याचा आवाज आला. दादा खाली उतरले, गाडीला वळसा घालून मागं आले, गुडघ्यावर हात ठेवून वाकले आणि चाक आणि बांध यांच्यातली ती जागा त्यांनी स्वतःच्या डोळ्यांनी नीट बघितली.

"बरोबर हाय," म्हणाले.

पुढं मास्तर म्हणतात का मॅडम, म्हणून मी जागच्या जागी थांबले. ते काहीच म्हणाले नाहीत. पुढं जाऊन बसले आणि माझ्या बाजूचं दार आतून उघडून दिलं.